पाणी उपसणाऱ्या चक्क्या

हॉलंड म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे पवनचक्की उभी राहते. सपाट हिरवे रान, संथ कालवा आणि त्याच्या काठी चार पाती पसरून उभी असलेली ती इमारत. चित्र मनोहर आहे. परंतु आपल्या 'चक्की' या शब्दाने थोडी दिशाभूल होते. चक्की म्हणजे धान्य दळण्याचे साधन, असे आपण धरून चालतो. धान्य दळणाऱ्या पवनचक्क्या हॉलंडात होत्याच. पण ज्यांच्या बळावर त्या देशाची जमीन कोरडी राहिली, त्या चक्क्यांत जाते नव्हते. त्या पाणी उपसत. त्यांची कथा माणसाने समुद्रावर मिळविलेल्या विजयाची कथा म्हणून सांगण्याचा प्रघात आहे. आम्हांला ती एका कर्जाची कथा वाटते. हप्ते फेडीत राहावे आणि मुद्दल मात्र फिटू नये, अशा कर्जाची.

पहिला प्रश्न असा की, हॉलंडची जमीन समुद्रसपाटीखाली गेली कशी? ती मुळात तशी नव्हती. सुमारे हजार वर्षांपूर्वी त्या देशाचा पश्चिम भाग म्हणजे एक अफाट दलदल होती. पूर्ण न कुजलेल्या वनस्पतींचे थरावर थर साचून तेथे पीट नावाची मऊ, काळी, स्पंजासारखी माती तयार झाली होती आणि तिचा माथा समुद्रापेक्षा उंच होता. शेतकऱ्यांनी चर खणले, पाणी आपल्या उताराने वाहून गेले आणि पिके उभी राहिली. पण पीटमधले पाणी गेले की ती आकसते, आणि हवा लागली की कुजून नाहीशी होऊ लागते. जमीन खचली. म्हणून चर आणखी खोल खणले. जमीन आणखी खचली. त्यातच वाळलेली पीट सरपणासाठी खणून नेल्यामुळे जागोजाग तळी पडली. समुद्र अडविण्यासाठी बांध घातले, त्यांत उघाड्या बसविल्या. ओहोटीला त्या उघडून पाणी बाहेर सोडता येई. पुढे पुढे तेही पुरेना. आता पाणी उचलूनच बाहेर टाकणे भाग होते.

पंधराव्या शतकाच्या आरंभी, १४०८च्या सुमारास, अल्कमार गावाच्या परिसरात पाणी उपसणाऱ्या पवनचक्कीचा उल्लेख सापडतो. तिची रचना समजायला कठीण नाही. पात्यांच्या लाकडी जाळीवर कापडाची शिडे पसरीत. वारा मंद असला तर पूर्ण शीड, जोराचा असला तर अर्धे, आणि तुफान सुटले तर नुसती जाळी. पाती ज्या आडव्या आसावर फिरत, त्यावर एक प्रचंड लाकडी दंतचक्र असे. ते एका उभ्या खांबाला फिरवी, आणि तो खांब तळाशी दुसऱ्या दंतचक्राकरवी पाण्यातल्या चाकाला. हे चाक आपल्या रहाटाचे भावंडच म्हणावे. फक्त त्याला पोहरे नसत, रुंद फळ्या असत. त्या फळ्या पाण्याला एका अरुंद पाटातून वर ढकलीत. पाटाच्या तोंडाशी एक झडप असे. येणाऱ्या पाण्याच्या रेट्याने ती उघडे, आणि वारा पडून चाक थांबले की पलीकडच्या पाण्याच्या दाबाने आपोआप मिटे. चढविलेले पाणी परत येऊ नये, याची काळजी पाणीच घेई.

वारा दिशा बदलतो, तेव्हा पात्यांनाही तोंड फिरवावे लागते. आरंभी चक्कीचा वरचा सगळा सांगाडाच फिरवीत. सोळाव्या शतकात नुसता माथ्याचा टोप फिरविण्याची युक्ती निघाली आणि चक्क्या अधिक मोठ्या बांधता येऊ लागल्या. थोरल्या चक्क्यांत पात्यांचा टोकापासून टोकापर्यंतचा पल्ला २५ मीटरांहून अधिक असे. अशा चक्कीत चक्कीवाला बायकामुलांसह राहात असे. वारा रात्री सुटला तर त्याने रात्री उठायचे. काम थांबले असताना पाती कशी उभी ठेवायची यालाही अर्थ होता. वरचे पाते शिखराच्या किंचित अलीकडे थांबविले तर घरात आनंदाची वार्ता आहे. किंचित पलीकडे नेऊन थांबविले तर दुःखाची.

या यंत्राची एक मर्यादा होती. एक चाक पाणी जेमतेम दीड मीटर चढवू शके. तेव्हा खोल तळे आटवायचे तर चक्क्या पायऱ्यांसारख्या ओळीने उभ्या कराव्या लागत. पहिलीने दुसरीच्या पाटात टाकायचे, दुसरीने तिसरीच्या. बेम्स्टर हे सुमारे ७,००० हेक्टरांचे सरोवर असेच आटविले गेले. काम १६०७ साली निघाले. १६१०च्या वादळात समुद्राचा बांध फुटला आणि उपसलेल्या सरोवरात पुन्हा पाणी भरले. तरीही १६१२ साली तळ उघडा पडला. यान आद्रियान्सझोन लेघवाटर या चक्की बांधणाऱ्या कारागिराचे नाव या कामाशी कायमचे जोडले गेले. भांडवल ॲमस्टरडॅमच्या व्यापाऱ्यांचे होते. त्यांतला एक प्रमुख, डर्क व्हान ओस, हा डच ईस्ट इंडिया कंपनीच्या संस्थापकांपैकी होता. पुढे सतराव्या शतकात याच कंपनीने आपल्या वेंगुर्ल्याला वखार घातली. वेंगुर्ल्यातले तिचे अवशेष पाहताना, या व्यापाऱ्यांचा पैसा एका सरोवराच्या तळाशीही गुंतला होता, हे ध्यानात ठेवावे.

परंतु नुसत्या यंत्राने देश कोरडा राहात नाही. किंडरडाइक येथे १९ चक्क्या आहेत; बहुतेक १७३८ ते १७४० या काळातल्या. तेथील चक्क्या आसपासच्या सखल प्रदेशाचे पाणी उंचावरच्या जलाशयात चढवीत, आणि लेक नदीची पातळी उतरली की ते नदीत सोडले जाई. आता कल्पना करा. नदी फुगलेली आहे, जलाशय काठोकाठ भरला आहे, आणि वारा तर उत्तम सुटला आहे. प्रत्येकाला आपले शेत वाचवायचे आहे. पण सगळ्यांनी उपसा चालू ठेवला तर जलाशयाचा बांध फुटणार आणि सगळेच बुडणार. म्हणून पाण्याची एक खूण ठरलेली असे. पाणी त्या खुणेला पोहोचले की चक्क्या थांबवायच्या, मग आपले शेत डोळ्यांदेखत बुडत असले तरी. ही सक्ती करणाऱ्या पाणीमंडळांचा उगम तेराव्या शतकापर्यंत मागे जातो. जमिनीच्या प्रमाणात पट्टी बसवायची, बांधांची पाहणी करायची, हयगय करणाऱ्याला दंड करायचा, ही त्यांची कामे. आमच्या मते हॉलंडचा खरा शोध हाच होय. चक्की नसती तर दुसरे यंत्र निघाले असते; पण भरवाऱ्यात स्वतःची चक्की थांबविण्याची शिस्त यंत्रातून निघत नाही.

चक्क्यांचे राज्य वाफेने संपविले. १६४१ साली लेघवाटरने हार्लेम सरोवर १६० चक्क्यांनी आटविण्याची योजना मांडली होती. ते काम दोन शतके पडून राहिले आणि १८५२ साली तीन वाफेच्या पंपांनी तडीस गेले. त्यांपैकी एका पंपाला लेघवाटरचेच नाव दिले होते. आज स्किपोलचा विमानतळ त्याच सरोवराच्या तळावर आहे. एकोणिसाव्या शतकात नऊ-दहा हजार चक्क्या होत्या. आता हजारांवर उरल्या आहेत. दुसऱ्या महायुद्धात इंधन मिळेनासे झाले, तेव्हा किंडरडाइकच्या म्हाताऱ्या चक्क्या पुन्हा कामाला लागल्या. १९९७ साली त्या जागतिक वारशाच्या यादीत गेल्या, आणि २०१७ साली चक्की चालविण्याच्या विद्येलाही युनेस्कोने मान्यता दिली. ती विद्या आज बहुतांशी हौशी स्वयंसेवकांनी जतन केली आहे.

उपसा आता विजेवर चालतो. तो थांबलेला मात्र नाही. पीटची जमीन अजून खचते आहे, आणि समुद्राची पातळी वाढते आहे. पाणीमंडळाच्या निवडणुका आजही होतात, पट्टी आजही भरावी लागते. सहाशे वर्षांपूर्वी वाऱ्याच्या जिवावर काढलेल्या कर्जाचा हप्ता प्रत्येक पिढी मुकाट्याने भरीत आली आहे. पाणी एकदा हटविले म्हणजे काम संपले, असे ज्या कोणाला वाटत असेल, त्याने या चक्क्यांच्या पायाशी घटकाभर उभे राहावे.