सूर्यांशुक

सूर्यांशुक : सूर्यप्रकाशाचे तंतू काढून विणलेले कल्पित दिव्य वस्त्र, अथवा ज्यापासून असे वस्त्र घडावे ते तेजोद्रव्य. या कल्पनेची बीजे भारतीय वाङ्मयात निरनिराळ्या ठिकाणी विखुरलेली असल्यामुळे त्यांचा एकत्र विचार करता यावा, एवढ्यासाठी प्रस्तुत नोंदीपुरते हे नाव योजिले आहे. ते योजताना फारसे साहस मात्र करावे लागले नाही. कारण संस्कृतात ‘अंशु’ या एकाच शब्दाने किरण आणि तंतू या दोहोंचाही बोध होतो, आणि ज्या शब्दावरून सूर्याला अंशुमान म्हणतात त्याच शब्दावरून तलम वस्त्रालाही अंशुक म्हणतात. कालिदासाच्या ‘शाकुंतला’त पहिल्या अंकाच्या अखेरीस, वाऱ्याविरुद्ध नेल्या जाणाऱ्या ध्वजाचे मागे फडफडणारे जे ‘चीनांशुक’ येते, ते याच कुळातले. ‘रश्मी’ या शब्दाचाही तपशील असाच आहे : तो दोरीचा वाचक आहे, घोड्याच्या लगामाचा आहे आणि किरणाचाही आहे. तेव्हा प्रकाश विणता येतो ही कल्पना कोणा एका कवीच्या प्रतिभेचे फळ नसून ती भाषेच्या मुळातच रुजलेली आहे, असे मानण्यास पुरेसा आधार मिळतो.

या कल्पनेचा सर्वांत जुना दाखला ऋग्वेदाचा होय. चौथ्या मंडलातील तेराव्या सूक्तात सूर्य आपला तंतू पसरीत आणि रात्रीचे काळे वस्त्र उकलीत जातो असे वर्णन आहे. दुसऱ्या मंडलात उषा आणि रात्र या दोघी एकच ताणलेला तंतू मिळून विणणाऱ्या विणकरणी आहेत. आणि त्याच मंडलातील सवितृसूक्तात, दिवस मावळताच, विणणारी आपले पसरलेले काम पुन्हा गुंडाळून ठेवते. येथे एक गोष्ट विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. प्रकाशाचे वस्त्र विणण्याच्या कामी वैदिक ऋषीने रात्रीला वगळले नाही, तिला उषेची वैरीण केले नाही, तर एकाच मागावर तिच्या शेजारी बसविले. हाच धागा पुढे महाभारताच्या आदिपर्वात, पौष्यपर्वातील उत्तंकाच्या कथेत सापडतो. गुरुपत्नीसाठी आणलेली कुंडले तक्षकाने पळविली म्हणून त्यांच्या शोधार्थ नागलोकी उतरलेल्या उत्तंकाला तेथे दोन स्त्रिया मागावर वस्त्र विणताना दिसतात. त्या वस्त्राचे तंतू काळे आणि पांढरे असतात. परत आल्यावर गुरू त्याला खुलासा करतात, की त्या स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, आणि ते तंतू म्हणजे रात्री व दिवस.

पुराणांनी मात्र विणकराचा माग सोडून कारागिराची चरकी हाती घेतली. विश्वकर्म्याची कन्या संज्ञा हिला पती सूर्याचे तेज सोसवेना. आपल्या जागी छाया ठेवून ती निघून गेली आणि घोडीचे रूप घेऊन राहिली. पुढे हा प्रकार उघडकीस आल्यावर तिच्या पित्याने जावयाला चरकीवर चढविले आणि त्याचे तेज तासून काढले. विष्णुपुराण सांगते, की त्याने आठवा हिस्सा तासला, आणि त्या तासलेल्या तेजातून विष्णूचे चक्र, शंकराचे त्रिशूळ, कुबेराची शिबिका व कार्तिकेयाची शक्ती निर्माण झाली. प्रकाश हे मोजता येणारे, कापता येणारे, ज्याचा कीसही वाया जात नाही असे द्रव्य आहे, ही धारणा इतक्या स्पष्टपणे मांडणारी दुसरी कथा आपल्या वाङ्मयात क्वचितच आढळेल. आणि या सर्व कारागिरीच्या मुळाशी पराक्रमाची हाव नसून एका स्त्रीला पतीजवळ राहता यावे एवढीच निकड होती, यात त्या कथेचे खरे मोल आहे. मत्स्यपुराणानुसार सूर्याचे पाय मात्र तासावयाचे राहिले, म्हणून मूर्तीत ते दाखवू नयेत असा निर्बंध पडला. वराहमिहिरानेही बृहत्संहितेत सूर्यमूर्तीला उदीच्यवेष, म्हणजे उत्तरेकडील लोकांचा पोशाख, सांगितला असून तो पायांपासून छातीपर्यंत अंग झाकणारा आहे. कोणार्कच्या तेराव्या शतकातील मंदिरातील सूर्यमूर्तींच्या पायांत उंच पादत्राणे दिसतात ती याच परंपरेतली.

व्यवहारात या कल्पनेच्या सर्वांत जवळ जाते ती जर. ‘जर’ हा फार्सी शब्द सोन्याचा वाचक. मराठी दरबारी जामदारखान्यातल्या पोशाखांपासून घरच्या शालूपर्यंत तो आपलासा झाला. अव्वल जरीसाठी चांदीच्या पाशावर सोन्याचा पत्रा चढवीत, तो पासा पोलादी पट्टीच्या उत्तरोत्तर बारीक होत जाणाऱ्या छिद्रांतून ओढून केसासारखी तार काढीत, ती चपटी करीत आणि रेशमी धाग्यावर गुंडाळून कलाबतू तयार करीत. गोदातीरीच्या पैठणात आणि नाशिक जिल्ह्यातील येवल्यात अशा जरीचे पदर विणले गेले. ताणा एका रंगाचा व बाणा दुसऱ्या रंगाचा घेऊन विणलेल्या, हलताना रंग पालटणाऱ्या कापडाला आपल्याकडे ‘धूपछाव’ म्हणतात. उषा आणि रात्र यांचा तो जुना सामायिक माग या एका शब्दात अजून उभा आहे.

शास्त्रदृष्ट्या प्रकाशाचा धागा निघणे शक्य नाही, कारण प्रकाश थांबत नाही. सूर्यापासून पृथ्वीपर्यंतचे सुमारे १५ कोटी किलोमीटरांचे अंतर तो सव्वाआठ मिनिटांच्या आसपास तोडतो आणि ज्यावर पडेल त्यात शोषला जातो अथवा परावर्तित होतो. परंतु तुतीच्या पानावर पडलेला प्रकाश पानात अन्न होऊन साठतो, ते पान खाऊन रेशमाचा किडा शेकडो मीटर लांबीचा अखंड तंतू आपल्याभोवती गुंडाळतो, आणि त्या तंतूचा छेद त्रिकोणी असल्यामुळे, लोलकावर पडावा तसा त्यावर पडलेला प्रकाश वाकून निरनिराळ्या दिशांना फाकतो. रेशमाची झळाळी ती हीच.