सरंजामातील अरण्य

सह्याद्रीच्या पश्चिम उतारावर, गुजरात आणि महाराष्ट्र यांच्या सीमेवर वसलेला दादरा व नगर हवेली हा अवघा ४९१ चौरस किलोमीटरांचा मुलूख. त्याचा सुमारे दोन-पंचमांश भाग वनाखाली आहे. साग व खैर ही त्याची संपत्ती, तर दमणगंगा ही जीवनवाहिनी होय. वारली, कोकणा, धोडिया आदी जमातींनी येथे भात आणि नागली पिकवून हा डोंगराळ प्रदेश राहता ठेवला.

राज्यकर्त्यांच्या दप्तरात मात्र तो वसुलाच्या आकड्यानेच शिरला. १७७९ च्या तहान्वये पेशव्यांनी पोर्तुगीजांना बारा हजार रुपये उत्पन्नाची गावे देऊ केली. ती मूळ देणगी सरंजामाची होती, सार्वभौमत्वाची नव्हे, असा निर्वाळा आंतरराष्ट्रीय न्यायालयाने १९६० साली दिला. तत्पूर्वीच, २ ऑगस्ट १९५४ रोजी, सिल्वासा मुक्त झाले होते.

पुढे करसवलतींमुळे कारखाने आले, रोजगार आला आणि बाहेरून माणसेही आली. १९६० च्या दशकारंभी अठ्ठावन्न हजारांच्या आत असलेली लोकसंख्या २०११ मध्ये ३,४३,७०९ झाली. आदिवासींचे प्रमाण १९९१ मध्ये सुमारे ७९ टक्के होते. ते ५२ टक्क्यांवर आले. मधुबन धरणाचे पाणी गुजरातेतील शेतीलाही मिळाले, परंतु जमीन बुडाली ती येथील आदिवासींची.

या सर्व हिशेबांत त्यांची बाजू कोणी लिहिली नाही. वृद्धांच्या तोंडी असलेल्या आठवणी त्यांच्याबरोबर लोपण्यापूर्वी टिपून ठेवणे, हे या भागातील मराठी ग्रंथालयांनी पुढील शतकाचे पहिले कर्तव्य मानावे.