वायर ओढली तेव्हा

आमच्या घरात एक विषय सहसा कोणी काढत नाही. २०१० च्या मे महिन्यात मी बाबांच्या नोकिया ६३०० मधून वायर ओढली आणि आजीचा आवाज गेला.

आवाज म्हणजे सात-आठ मिनिटांचं रेकॉर्डिंग. आजी जात्यावरच्या ओव्या म्हणतेय आणि मधेच थांबून मांजराला हाकलतेय. ती जाण्याआधीच्या दिवाळीत बाबांनी ते केलं होतं. एका एमपीथ्री गाण्याच्या पाव भागाहूनही लहान फाइल, एक जीबीच्या कार्डावर पडलेली. आत्येभावाच्या लग्नाला निघायचं होतं, मी प्रवासासाठी गाणी टाकत होतो, खालून हाका येत होत्या. कॉपी अजून चालू होती. मी वायर ओढली.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी फोनला वायर फक्त चार्जिंगसाठी लावली असेल, म्हणून थोडं मागून सांगतो. फोन आणि कॉम्प्युटर जोडणं आधी कटकटीचंच होतं. प्रत्येक कंपनीचं भोक वेगळं, केबल वेगळी आणि सोबतच्या सीडीवरचं सॉफ्टवेअरही वेगळं. यूएसबीचं पहिलं प्रमाण जानेवारी १९९६ मध्ये आलं. सात कंपन्यांनी मिळून ते ठरवलं. इंटेलच्या गटात बडोद्यात शिकलेले अजय भट्ट होते. आत चार तारा: दोन विजेच्या, दोन माहितीच्या. (स्वस्त केबलने फोन चार्ज होतो पण कॉम्प्युटरला दिसत नाही, तेव्हा अनेकदा त्या दुसऱ्या दोन तारा घातलेल्याच नसतात.)

भोकाचा प्रश्न हळूहळू सुटला. आधी मिनी, मग मायक्रो, मग टाइप-सी. आयफोननेही २०२३ मध्ये तेच घेतलं. पण माझं नुकसान भोकामुळे झालं नव्हतं. वायर लावल्यावर त्या कार्डाचा मालक कोण, हा खरा प्रश्न होता.

माझ्या वेळी उत्तर होतं, कॉम्प्युटर. त्या पद्धतीचं नाव मास स्टोरेज. वायर लावली की फोन कॉम्प्युटरला सांगायचा, मी फोन नाही, मी पेन ड्राइव्ह आहे. आणि अख्खं कार्ड त्याच्या ताब्यात द्यायचा. कार्डावर एक नोंदवही असते, कोणती फाइल कुठे ठेवली आहे याची. तिचं नाव फॅट, म्हणजे फाइल ॲलोकेशन टेबल; १९७७ पासूनची जुनी व्यवस्था. एका वहीत दोघे एकाच वेळी लिहायला लागले तर वहीचा चुथडा होतो, म्हणून फोन तेवढा वेळ कार्डावरून हात काढून घ्यायचा. तुम्ही ‘सेफली रिमूव्ह’ म्हणायचात, कॉम्प्युटर राहिलेल्या नोंदी पुऱ्या करायचा आणि मग वही परत. मी वही अर्ध्या ओळीवर हिसकावली होती.

लग्नाहून परत आल्यावर कार्ड पुन्हा जोडलं. विंडोजने विचारलं, हे फॉरमॅट केलेलं नाही, करू का? मी होय म्हणालो. तरीही फाइल बहुतेक तिथेच असणार, कारण झटपट फॉरमॅट नवी कोरी वही मांडतं, मजकुराला हात लावत नाही. हे मला काही वर्षांनी कळलं. त्या संध्याकाळी मात्र मी तीच गाणी पुन्हा टाकली. आजीवर.

२०११ मध्ये अँड्रॉइडच्या तिसऱ्या आवृत्तीपासून पद्धत पालटली. नवीचं नाव एमटीपी. कॅमेऱ्यांसाठीच्या एका पद्धतीवरून मायक्रोसॉफ्टने ती गाणी वाजवणाऱ्या छोट्या यंत्रांसाठी बेतली होती. तलाठ्याकडे दप्तर आपल्या हातात देत नाहीत, आपण उतारा मागायचा, तो काढून देतो. हे तसंच आहे. कॉम्प्युटर एकेक फाइल मागतो, वाचणारा आणि लिहिणारा फोनच. ॲपची जागा आणि फोटोंची जागा एकाच सामायिक साठ्यात आणायची होती, आणि तो साठा चालू फोनखालून काढून कॉम्प्युटरला देणं शक्यच नव्हतं. त्यामुळे हा बदल झाला. माझ्यासारख्यांच्या आजींचा विचार कोणी केला असेल असं वाटत नाही. लोकांनी नावंही ठेवली: हळू आहे, मॅकला वेगळं सॉफ्टवेअर लागतं, फाइल जागच्या जागी उघडून बदलता येत नाही. सगळं खरं. पण मधेच वायर निघाली तर तेवढी एक फाइल अपुरी राहते, वही शाबूत.

२०१५ च्या सहाव्या आवृत्तीपासून फोन आणखी सावध झाला. वायर लावली की आधी फक्त चार्जिंग. फाइल दाखवायच्या का, हे तुम्ही पडद्यावर सांगायचं. कॉम्प्युटरवर फोन रिकामा दिसतो तो बहुधा यामुळे.

गेल्या दिवाळीत बाबांच्या नव्या फोनमधले फोटो कॉम्प्युटरवर घेत होतो. ‘फाइल ट्रान्सफर’ निवडलं, हिरवी पट्टी हळूहळू सरकायला लागली. बाबा खुर्ची ओढून शेजारी बसले. चहा आला, गार झाला.

“आता मधेच काढली तरी काही होत नाही, बाबा,” मी म्हणालो.

“असू दे,” ते म्हणाले. “होऊ दे पूर्ण.” आणि वायर जिथे फोनमध्ये शिरते तिथे त्यांनी बोट ठेवलं.