‘टेक’: एका परक्या क्रियापदाची कुळकथा

इंग्रजी शिकूं लागलेल्या मराठी मुलाच्या हातीं जें पहिलें पुस्तक पडतें, त्याच्या आरंभींच्या पांचपंचवीस पानांतच ‘कम’, ‘गो’, ‘गिव्ह’, ‘पुट’, ‘टेक’ हीं क्रियापदें येऊन जातात. ‘टेक’ म्हणजे घेणें, एवढें पाठ झालें कीं त्या शब्दाचा हिशेब मिटला, असें त्याला वाटतें. पुढें तोच मुलगा पदवीधर होतो, लॅटिन वळणाच्या लांबलचक शब्दांशीं त्याची दाट ओळख होते, बर्कचीं भाषणें तो अर्थासह समजावून देऊं शकतो. आणि मग एके दिवशीं एखाद्या साध्यासुध्या कादंबरींत ‘ही वॉज टेकन इन’ हें चार शब्दांचें वाक्य वाचून ‘त्याला आंत घेतलें’ असा अर्थ करून मोकळा होतो. प्रसंग असतो तो बिचारा मनुष्य पुरता फसविला गेल्याचा! चारहि शब्द बालपणापासून ओळखीचे, आणि अर्थ मात्र परका.

‘टेक इन’ म्हणजे आंत घेणें, नीट समजून घेणें, फसविणें, आणि शिंप्यानें सैल अंगरखा अंगासरसा करणेंहि. ‘टेक ऑफ’ म्हणजे टोपी काढणें, विमानानें जमीन सोडणें आणि एखाद्याची हुबेहूब नक्कल करणें. ‘टेक आफ्टर’ म्हणजे आईबापांच्या वळणावर जाणें. ‘टेक टु’ म्हणजे लळा लागणें. ‘टेक डाउन’ म्हणजे उतरवून घेणें. या शेवटल्या ठिकाणीं मराठीहि बोललेलें कागदावर ‘उतरविते’च, हा योगायोग मोठा गोड आहे. अशा जोडक्रियापदांना इंग्रजींत ‘फ्रेजल व्हर्ब’ म्हणतात. हें नांव फार अलीकडचें. लोगन पिअर्सल स्मिथ यांनीं १९२५ सालीं ‘वर्ड्स अँड इडियम्स’ या आपल्या पुस्तकांत तें वापरलें, आणि तें सुचविल्याचें श्रेय ऑक्सफर्डच्या महाकोशाचे एक संपादक हेन्री ब्रॅडली यांना दिलें. नांव नवें असलें तरी वस्तु हजार वर्षांची जुनी आहे. आणि तिचा इतिहास पाहूं गेल्यास पहिलाच धक्का असा बसतो कीं, ‘टेक’ हा शब्द मुळीं इंग्रजांचा नव्हेच.

जुन्या इंग्रजींत ‘घेणें’ या अर्थीं ‘निमन’ असें क्रियापद होतें. जर्मन भाषेंत त्याचें भावंड ‘नेमेन’ आजहि सुखानें नांदत आहे. इंग्लंडांत मात्र या शब्दाच्या नशिबीं वनवास आला, त्याचें कारण समुद्रापलीकडून आलें. इ. स. ७९३ मध्यें लिंडिसफार्नच्या मठावर उत्तरेकडील दर्यावर्दी लुटारूंची धाड पडली. ८६५ मध्यें तर मोठें सैन्यच किनाऱ्यास उतरलें. ८७८ मध्यें वेसेक्सच्या आल्फ्रेड राजानें एडिंग्टन येथें डेन सरदार गुथ्रम याचा पराभव केला, तरी पूर्वेकडचा व उत्तरेकडचा बराच मुलूख डेन लोकांकडेच राहिला. तेथें त्यांचा कायदा चाले, म्हणून त्या प्रदेशास पुढें ‘डेनलॉ’ असें नांव पडलें. लुटारू म्हणून आलेले हे लोक हळूहळू शेतकरी झाले. त्यांनीं जमिनी नांगरल्या, इंग्रज घरांशीं सोयरिकी केल्या, एकाच बाजारांत गुरें विकलीं आणि विकत घेतलीं. १०१६ पासून १०३५ पर्यंत सगळ्या इंग्लंडचा राजाच क्न्यूट हा डेन होता.

दोन्ही भाषा एकाच कुळांतल्या होत्या. मराठी व कोंकणी बोलणाऱ्या शेजाऱ्यांचें जसें एकमेकांवांचून अडत नाहीं, तसेंच कांहींसें तेथें घडलें. धातु जवळजवळ तेच, प्रत्यय तेवढे निराळे. मग बाजारांत उभें राहून प्रत्ययांचा काथ्याकूट कोण करतो? इंग्रजीचे विभक्तिप्रत्यय झडून जाण्यास हा शेजार बराच कारणीभूत झाला, असें पुष्कळ भाषापंडित मानतात. किती प्रमाणांत, याविषयीं त्यांच्यांत एकमत नाहीं.

या देवघेवीचा एक विशेष लक्षांत घेण्यासारखा आहे. राज्यकर्त्यांची भाषा बहुधा दरबाराचे व कचेरीचे शब्द देते. फारशीनें मराठीला ‘दरबार’, ‘फौज’, ‘अर्ज’ हे शब्द दिले ते असेच. डेन लोकांनीं इंग्रजीला दिलें तें मुख्यतः घरांतलें व परसांतलें: ‘एग’ म्हणजे अंडें, ‘नाइफ’ म्हणजे सुरी, ‘विंडो’ म्हणजे खिडकी, ‘डाय’ म्हणजे मरणें. फार काय, ‘ते’ या अर्थाचें ‘दे’ हें सर्वनामसुद्धां त्यांचेंच. भाषा सर्वनामें सहसा उसनीं घेत नाहीं. घेतलीं, तर त्या दोन समाजांचें बिऱ्हाड एकाच छपराखालीं होतें असें समजावें. याच ओघांत ‘गेट’ आलें आणि ‘टाका’ हें घेण्याचें क्रियापदहि आलें. मराठी कानाला ‘टाका’ म्हणजे नेमका उलटा व्यवहार वाटेल. पण उत्तरेकडील त्या भाषेंत ‘टाका’ म्हणजे हातानें धरणें, घेणें.

इ. स. ११०० च्या सुमारास हा शब्द इंग्रजी लिखाणांत दिसूं लागतो, आणि पुढील तीनचार शतकांत तो ‘निमन’ला पार उठवून लावतो. पराभूत शब्दाची दशा करुण झाली. त्याचे दोन वंशज इंग्रजींत अजून आहेत: एक ‘नंब’ म्हणजे बधिर झालेला, मुळांत ‘घेतला गेलेला’, आणि दुसरा ‘निंबल’ म्हणजे चपळ, पटकन उचलणारा. मूळ क्रियापद तेवढें चोरांच्या बोलींत जाऊन राहिलें. तेथें ‘निम’ म्हणजे हातोहात लांबविणें. शेक्सपिअरच्या ‘हेन्री द फिफ्थ’ नाटकांत निम नांवाचा एक शिपाई आहे. नांव ऐकतांच तत्कालीन प्रेक्षक त्याचा धंदा ओळखीत असणार, आणि नाटकांत शेवटीं तो फांसावर जातो. एके काळीं राजे ज्या शब्दानें राज्यें घेत होते, त्याची ही अखेर.

आतां शब्दाच्या मागून येणाऱ्या त्या चिमुकल्या अव्ययांकडे वळावयास हवें. जुन्या इंग्रजींत क्रियापदाचा अर्थ वळविण्याचें काम बहुतांशीं उपसर्ग करीत. संस्कृताची तोंडओळख असलेल्यास ही रीत नवी नाहीं. एकाच ‘हृ’ धातूपासून उपसर्गांच्या बळावर आहार, विहार, संहार, प्रहार व परिहार असे एकमेकांशीं कांहीं नातें न दाखविणारे शब्द कसे होतात, हें शाळेंतल्या मुलालाहि ठाऊक असतें. पाणिनीनें उपसर्ग धातूच्या आधीं यावा असा नियम सांगितला, आणि लगोलग पुढील दोन सूत्रांत वेदांच्या भाषेपुरती सूट दिली: तेथें उपसर्ग धातूच्या नंतर येऊं शकतो, व दोहोंच्या मध्यें दुसरे शब्दहि पडूं शकतात. पुढें लौकिक संस्कृतानें ही मोकळीक सोडली व उपसर्ग धातूला कायमचा चिकटला. इंग्रजीचा प्रवास बरोबर उलट दिशेनें झाला. ‘फर्गिव्ह’, ‘विथस्टँड’ यांसारख्या शब्दांत उपसर्ग गोठून राहिले. जिवंत सामर्थ्य ‘अप’, ‘आउट’, ‘ऑफ’, ‘इन’ या सुट्या अव्ययांकडे गेलें. तीं धातूच्या नंतर येतात, आणि ‘टेक इट ऑफ’ म्हणतांना मध्यें सर्वनामालाहि जागा देतात. पाणिनीनें वैदिक म्हणून बाजूला ठेवलेली लकब लंडनच्या रस्त्यावर रोज ऐकूं येते, असें म्हटल्यास फारशी अतिशयोक्ति होणार नाहीं.

जुनी व नवी रीत शेजारीं शेजारीं पाहावयाची असेल, तर ‘ओव्हरटेक’ व ‘टेक ओव्हर’ ही जोडी पुरेशी आहे. तेच दोन तुकडे. पण पहिल्यांत पुढच्या गाडीस मागें टाकणें, तर दुसऱ्यांत कारभार ताब्यांत घेणें. पहिला शब्द मराठी मोटारचालकानें आपलासा केलेला आहे, आणि मराठीच्या शिरस्त्याप्रमाणें त्याला ‘करणें’ जोडून ‘ओव्हरटेक करणें’ असें त्याचें बारसेंहि केलें आहे.

या नव्या रीतीचा एक अतिशय जुना दाखला पीटरबरोच्या मठांतील बखरींत सांपडतो. ही बखर ११५४ पर्यंत लिहिली गेली. तिच्या अखेरच्या भागांत स्टीफन राजाच्या कारकीर्दींतील यादवीची हकीकत आहे, आणि किल्ले शत्रूच्या स्वाधीन करण्याच्या संबंधांत तेथें ‘गिव्ह अप’ हा प्रयोग येतो. मराठींत किल्ला ‘सोडून देणें’ म्हणतात, तेव्हां ‘देणें’ कोणाला, असा प्रश्न कोणी विचारीत नाहीं. देणें हें तेथें क्रियेचा शेवट दाखवितें. इंग्रजी ‘अप’चेंहि तेंच. ‘ईट अप’ म्हणजे खाऊन टाकणें, ‘बर्न अप’ म्हणजे जाळून टाकणें, ‘यूज अप’ म्हणजे संपवून टाकणें. ‘अप’ म्हणजे वर, म्हणून वर पाहूं लागणाऱ्या विद्यार्थ्याला आपल्याच भाषेंतलें ‘टाकणें’ दाखवून दिलें, तर अर्धें काम होतें. खाल्लेलें अन्न कोठें टाकलें जातें? मराठीचें हें धन व्याकरणाच्या पुस्तकांत संयुक्त क्रियापद म्हणून दोन पानांत उरकण्याची रूढी आहे, ती मात्र शोचनीय होय.

१०६६ च्या नॉर्मन विजयानंतर राजसभा व न्यायसभा फ्रेंच बोलूं लागल्या, धर्मपीठ लॅटिन बोलतच होतें. तेव्हांपासून इंग्रजींत एकेका कल्पनेला दोन पोशाख मिळाले. वकील ‘पोस्टपोन’ करतो, शेतकरी ‘पुट ऑफ’ करतो. ग्रंथांत ‘टॉलरेट’, चुलीपाशीं ‘पुट अप विथ’. लिहिणाऱ्यांनीं शतकानुशतकें पहिल्यास मान दिला. तरी शेक्सपिअरच्या काळापर्यंत हीं घरगुती जोडपदें रंगभूमीवर मनमोकळीं वावरूं लागलीं होतीं. पुढें अठराव्या शतकांतील कित्येक व्याकरणकारांना तीं गांवढळ वाटलीं, तरी बोलणाऱ्यांनीं त्यांची फारशी पर्वा केली नाहीं.

त्या शतकांत त्यांची बूज राखली ती सॅम्युएल जॉन्सन यांनीं. ज्यांची स्वतःची शैली लॅटिन शब्दांच्या भारानें वांकलेली म्हणून प्रसिद्ध, त्यांनींच १७५५ सालीं प्रसिद्ध केलेल्या आपल्या कोशांत ‘टेक’ या चार अक्षरी क्रियापदाचे १३४ अर्थ क्रमवार मांडले. प्रस्तावनेंत ते कबूल करतात कीं, परकीयांना सर्वांत अधिक अडचण होते ती क्रियापदाच्या मागें असें अव्यय लावण्याच्या रीतीची. म्हणूनच हे प्रयोग त्यांनीं काळजीपूर्वक गोळा केले होते. ऑक्सफर्डचा महाकोश १९२८ सालीं पुरा झाला, तेव्हां त्यांतील सर्वांत लांब नोंद कोणत्याहि शास्त्रीय शब्दाची नसून ‘सेट’ची होती, आणि ती संपादिली होती ब्रॅडली यांनीं. तो मान अलीकडे ‘रन’कडे गेला आहे, २०११ सालीं त्या क्रियापदाचे ६४५ अर्थ मोजले गेले.

हिंदुस्थानांत इंग्रजी आली ती बहुतांशीं ग्रंथांच्या वाटेनें. १८५७ सालीं मुंबई विद्यापीठ स्थापन झालें, आणि तेथील परीक्षांसाठीं विद्यार्थी इंग्रज कवी व निबंधकार पाठ करूं लागले. ‘टॉलरेट’ला ‘सहन करणें’ हा प्रतिशब्द तयार होता, म्हणून तो शब्द चटकन बसे. ‘पुट अप विथ’ची फोड केली तर हातीं लागतें तें ‘बरोबर वर ठेवणें’! यामुळें इकडच्या सुशिक्षितांची इंग्रजी भारदस्त झाली, पण तिला घरचा वास येईना. आणि साहेबानें तिला ‘बाबू इंग्लिश’ म्हणून हिणविलें. ज्या दारानें त्यानें भाषा आंत येऊं दिली, त्या दाराकडे त्यानें पाहिलें नाहीं.

पुढें एक मोठाच प्रयोग झाला. १९३० सालीं सी. के. ऑग्डेन यांनीं अवघ्या ८५० शब्दांची ‘बेसिक इंग्लिश’ जगापुढें ठेवली. त्यांत सहायक धरून क्रियापदें फक्त १८. युक्ति अशी कीं, ‘एंटर’ नको, ‘गो इन’ म्हणावें. ‘टेक’, ‘पुट’, ‘गिव्ह’, ‘गेट’ यांना अव्ययें जोडीत गेलें कीं हजारों क्रियापदांवांचून भागतें. आशियांतल्या शिकणाऱ्यांना थोड्या दिवसांत इंग्रजी हस्तगत होईल, अशी ग्वाही दिली गेली. ६ सप्टेंबर १९४३ रोजीं हार्वर्ड येथील भाषणांत खुद्द चर्चिल यांनीं या योजनेचा पुरस्कार केला.

परंतु जॉन्सन यांनीं जेथें परकीयांची सर्वांत मोठी अडचण दाखविली होती, नेमक्या त्याच जागीं या सोप्या भाषेचा पाया घातलेला होता. इंग्रजाला ‘गो इन’ सोपें, कारण तें त्याच्या आईच्या तोंडचें. ज्याची आई मराठी किंवा बंगाली बोलते, त्याला ‘एंटर’ हा एक शब्द घोकणें कमी कष्टाचें. ढाक्याच्या अध्यापक महाविद्यालयाचे प्राचार्य म्हणून बंगाली मुलांचें वाचन वर्षानुवर्षें न्याहाळलेले मायकेल वेस्ट यांनीं १९३४ मध्यें आपल्या सहकाऱ्यांसह या योजनेची कठोर परीक्षा केली. शब्द मोजून ८५० भरतात, पण एकेका शब्दाच्या पोटांत दडलेले अर्थ शिकणाऱ्याला वेगवेगळे शिकावे लागतात, तेव्हां ही गणती फसवी आहे, असा त्यांचा आक्षेप होता.

१९४६ मध्यें ब्रिटिश सरकारनें ऑग्डेन यांना २३,००० पौंड देऊन बेसिकचे हक्क घेतले, आणि त्यानंतर तिचा बोलबाला ओसरत गेला. वेस्ट यांची सुमारें २,००० शब्दांची यादी १९५३ सालीं निघाली. तींत पुष्कळ शब्दांच्या खालीं त्यांचे निरनिराळे अर्थ सुटे करून दिले आहेत, आणि त्या त्या अर्थापुढें तो वाचनांत शेंकडा किती वेळां आढळतो, याचा आंकडा मांडलेला आहे.