साइडलोडिंग, टॅब्लेटवरील खेळांचे
अधिकृत अ‍ॅप स्टोअर वगळून टॅब्लेटवर खेळ बसवण्याची पद्धत. अँड्रॉइडवर खेळ बहुधा ‘एपीके’ फाइलच्या रूपात मिळतो. अँड्रॉइड ८ (२०१७) पूर्वी अनोळखी स्रोतांसाठी एकच सरसकट परवानगी असे. आता ती प्रत्येक ब्राउझरला वा अ‍ॅपला स्वतंत्रपणे द्यावी लागते. ही सुधारणा फार मोलाची आहे.

साइडलोडिंगमधील धोक्याबाबत ‘फोर्टनाइट’चे उदाहरण बोलके आहे. ऑगस्ट २०१८ मध्ये एपिक गेम्सने हा खेळ प्ले स्टोअर टाळून स्वतःच्या इन्स्टॉलरमार्फत अँड्रॉइडवर आणला. त्याच महिन्यात गूगलच्या तपासणीत त्या इन्स्टॉलरमधील त्रुटी सापडली: उपकरणात आधीच शिरलेले दुसरे अ‍ॅप, उतरवलेली फाइल मधल्यामध्ये बदलून भलतेच काही बसवू शकत होते. एपिकने ती तातडीने दुरुस्त केली. निर्माता खरा असूनही वाटेत धोका उरतो, तर फुकट वाटल्या जाणाऱ्या ‘मॉड’ प्रतींची काय कथा! अशा फेरफार केलेल्या प्रतीवर मूळ निर्मात्याची डिजिटल सही टिकत नाही. म्हणूनच अधिकृत आवृत्तीवर ती प्रत अपडेट म्हणून चढत नाही.

आयपॅडवर युरोपीय संघात, डिजिटल मार्केट्स कायद्यामुळे, आयपॅडओएस १८ (२०२४) पासून पर्यायी अ‍ॅप स्टोअरना वाट मिळाली.