राष्ट्राध्यक्ष, गुलाम आणि त्र्यंबकचे न झालेले मंदिर

विसाव्या शतकाच्या तिसऱ्या दशकाच्या अखेरीची गोष्ट. त्र्यंबकेश्वरला संत चोखामेळ्याचे मंदिर उभारावे, असा विचार नाशिक जिल्ह्यातील महार मंडळींमध्ये सुरू झाला होता. ज्या गावात निवृत्तिनाथांची समाधी, ज्या गावात पेशव्यांनी बांधलेले ज्योतिर्लिंगाचे मंदिर, त्या गावात आपल्या चोखोबालाही चार भिंती आणि एक कळस असावा, असे वाटणे स्वाभाविक होते. बाबासाहेबांनी या कल्पनेला विरोध केला. अस्पृश्यतेचा कलंक पुसून काढणे हेच चोखोबाचे खरे स्मारक, अशी त्यांची भूमिका होती. मंदिर झाले नाही. पुढे २ मार्च १९३० रोजी नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला आणि १३ ऑक्टोबर १९३५ रोजी येवल्याला धर्मांतराची घोषणा झाली.

अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांविषयी लिहिताना त्र्यंबकची आठवण कशासाठी? यासाठी की, न झालेल्या त्या मंदिराने एक प्रश्न आपल्यापुढे ठेवला आहे. दास्यातून सुटका होते ती कोणामुळे? उद्धारकर्त्यामुळे, की दास्य नाकारणाऱ्यांमुळे? आपण शाळेत शिकलो, ‘लिंकनने गुलामांना मुक्त केले.’ या वाक्यात लिंकन कर्ता आहे आणि गुलाम कर्म. व्याकरण बरोबर आहे; इतिहास मात्र अर्धाच आहे.

महात्मा जोतीराव फुले यांना हे फार लवकर उमगले होते असे दिसते. १८७३ साली ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध झाली. तिची अर्पणपत्रिका प्रसिद्धच आहे. पण ती कोणाला आहे? लिंकनच्या हौतात्म्याला तेव्हा आठच वर्षे झाली होती आणि ज्याच्या सेनापतित्वाखाली गुलाममालकांच्या फौजा शरण आल्या तो ग्रँट राष्ट्राध्यक्षपदी होता. जोतीरावांनी ग्रंथ वाहिला तो यांपैकी कोणालाही नाही, तर गुलामांना दास्यमुक्त करण्याच्या कामी औदार्य आणि स्वार्थत्याग दाखवणाऱ्या तेथील सदाचारी लोकांना. त्यांनी सिंहासनाकडे पाहिले नाही, समाजाकडे पाहिले.

आता सिंहासनाकडे पाहू. अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांपैकी बारा जण आयुष्यात केव्हा ना केव्हा गुलामांचे मालक होते. त्यांतले आठ जण तर अधिकारावर असतानाही. ज्याला राष्ट्रपिता म्हणतात त्या वॉशिंग्टनने १७९३ साली पळालेल्या गुलामांना पकडून परत मालकाच्या हवाली करण्याच्या कायद्यावर सही केली. १७९६ साली त्याच्याच घरातून ओना जज ही तरुण दासी पळाली. तिला परत आणण्यासाठी राष्ट्राध्यक्षाने माणसे पाठवली, पण ती परत आली नाही. मृत्युपत्रात वॉशिंग्टनने आपल्या मालकीच्या गुलामांची मुक्तता लिहून ठेवली, हे खरे. पण ओनाने मृत्युपत्राची वाट पाहिली नव्हती.

दुसरा जेफर्सन. सर्व माणसे समान निर्माण झाली आहेत, हे १७७६ च्या जाहीरनाम्यातील तत्त्व त्याच्याच लेखणीतून उतरले. त्याच माणसाच्या मालकीचे आयुष्यभरात सहाशेहून अधिक गुलाम होते आणि त्यांपैकी फारच थोड्यांना त्याने मुक्त केले. ‘सर्वाभूती परमेश्वर’ म्हणत पाणवठ्यावर पहारा बसवणारा समाज आपल्याला परका नाही. म्हणून जेफर्सन समजायला आपल्याला फारसे कष्ट पडत नाहीत.

लिंकनची गोष्ट निराळी आहे, आणि तिच्याकडे न्यायबुद्धीने पाहिले पाहिजे. २२ ऑगस्ट १८६२ रोजी होरेस ग्रीली या संपादकाला लिहिलेल्या पत्रात त्याने सांगितले की, आपले मुख्य उद्दिष्ट संघराज्य वाचवणे हे आहे. गुलामगिरी राखून ते वाचत असेल तर तसे, आणि मोडून वाचत असेल तर तसे. त्याच वर्षी एप्रिलमध्ये राजधानीतील गुलाम मुक्त झाले, तेव्हा सरकारने नुकसानभरपाई दिली ती मालकांना! पिढ्यान्‌पिढ्या फुकट राबलेल्यांना नव्हे. १ जानेवारी १८६३ चा मुक्तीचा जाहीरनामाही बंडखोर राज्यांपुरताच होता. संघराज्याशी एकनिष्ठ राहिलेल्या गुलामराज्यांना त्याने हात लावला नाही.

मग लिंकन बदलला कसा? युद्ध सुरू होताच गुलाम मळे सोडून उत्तरेच्या छावण्यांकडे धावू लागले. त्यांचे काय करायचे, हा प्रश्न त्यांनी आपल्या पायांनी सरकारच्या दारात नेऊन ठेवला. पुढे सुमारे एक लाख ऐंशी हजार काळे सैनिक संघराज्याच्या सैन्यात लढले. फ्रेडरिक डग्लस हा स्वतः गुलामीतून निसटलेला विचारवंत राष्ट्राध्यक्षाला सतत टोचत राहिला. लिंकनचे मोठेपण हे की, तो हे ऐकू शकला आणि वाढू शकला. बाबासाहेबांनी १९४५ साली काँग्रेस आणि गांधीजींच्या अस्पृश्यविषयक कार्याची चिकित्सा करणाऱ्या ग्रंथात नेमका हाच धागा पकडला. संघराज्यासाठी आवश्यक ठरले तेव्हा लिंकन गुलामांच्या मुक्तीला तयार झाला. स्वराज्यासाठी आवश्यक असले तरी गांधीजी अस्पृश्यांच्या राजकीय मुक्तीला तयार नाहीत, असा त्यांचा आक्षेप होता.

एप्रिल १८६५ मध्ये लिंकनचा खून झाला आणि अँड्र्यू जॉन्सन अधिकारावर आला. दक्षिणेच्या किनारपट्टीवर जनरल शर्मनच्या हुकमाने मुक्त झालेल्या कुटुंबांना चाळीस एकरांपर्यंतचे तुकडे मिळू लागले होते. जॉन्सनने त्याच वर्षी ती जमीन जुन्या मालकांना परत देवविली. माणूस मुक्त झाला, पण पायाखाली माती राहिली नाही. त्याच मळ्यावर अर्धेलीने राबणे नशिबी आले. नाशिक जिल्ह्याच्या वाचकाला याचा अर्थ वेगळा सांगावा लागू नये. काळारामच्या सत्याग्रहात पुढे असलेले कर्मवीर दादासाहेब गायकवाड १९५९ मध्ये आणि पुन्हा १९६४-६५ मध्ये भूमिहीनांचा सत्याग्रह घेऊन उभे राहिले, ते देवळाच्या दारापाशी प्रश्न संपत नाही हे ओळखूनच.

ग्रँटने १८७१ साली कु क्लक्स क्लॅनविरुद्ध कायदा वापरला, फौज पाठवली. तरीही ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध झाली त्याच वर्षी, १३ एप्रिल १८७३ रोजी, लुईझियानातील कोलफॅक्स येथे गोऱ्या जमावाने अनेक काळ्या नागरिकांची कत्तल केली. १८७७ साली हेझने राष्ट्राध्यक्षपदाच्या तडजोडीत दक्षिणेतील राज्य सरकारांच्या पाठीशी असलेले लष्कर मागे घेतले. मतदानाचा हक्क घटनेत राहिला, गावात उरला नाही. कागदावरचा हक्क आणि वेशीआतला व्यवहार यांतील हे अंतर आपण रोज पायी तुडवतो.

१९१३ च्या जुलैत तरुण भीमराव न्यूयॉर्कला उतरले तेव्हा वुड्रो विल्सन राष्ट्राध्यक्ष होता. तो मोठा विद्वान, विद्यापीठाचा माजी अध्यक्ष. त्याच वर्षी त्याच्या सरकारने केंद्रीय कार्यालयांत काळ्या आणि गोऱ्या कर्मचाऱ्यांना वेगळे करायला सुरुवात केली. शिक्षणाने माणूस आपोआप न्यायी होत नाही, हे आपल्यातल्या शिक्षकांनी आणि विद्यार्थ्यांनी या उदाहरणावरून लक्षात ठेवावे.

पुढचे निर्णयही असेच पाहा. १९४१ मध्ये फ्रँकलिन रुझवेल्टने संरक्षण उद्योगांतील वर्णभेदाला बंदी केली, ती ए. फिलिप रँडॉल्फ या काळ्या कामगार नेत्याने राजधानीवर मोर्चा आणण्याचा इशारा दिल्यावर. १९६५ मध्ये लिंडन जॉन्सनने मतदान हक्काच्या कायद्यावर सही केली, ती सेल्माच्या पुलावर निदर्शकांची डोकी फुटल्यावर. सहीची लेखणी राष्ट्राध्यक्षाची होती. शाई कोणाची होती, हे विचारले पाहिजे. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली, तेव्हा तिनेही नाव घेतले ते व्हाइट हाउसमधून नव्हे, तर ब्लॅक पँथरकडून.

८ नोव्हेंबर २०१० रोजी अमेरिकेचा पहिला काळा राष्ट्राध्यक्ष बराक ओबामा भारताच्या संसदेत बोलला आणि त्याने बाबासाहेबांचे नाव घेतले. आपल्याला अभिमान वाटला; वाटावाच. पण अभिमानाचे रूपांतर आरतीत होऊ नये. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी घटना समितीत बोलताना बाबासाहेबांनी राजकारणातील भक्ती हा अधःपाताचा आणि अंती हुकूमशाहीचा मार्ग असल्याचा इशारा दिला होता. त्याच भाषणात त्यांनी जेफर्सनचा आधार घेतला, एका पिढीने पुढच्या पिढीला बांधून ठेवू नये या विचारासाठी. गुलाममालकाच्या ग्रंथातला मुक्तीचा विचार त्यांनी उचलला. माणसाला मात्र देव्हाऱ्यात बसवले नाही.

त्र्यंबकला चोखोबाचे मंदिर त्या वेळी झाले नाही, याची खंत करू नये. त्या मंडळींनी मूर्तीऐवजी प्रश्न स्वीकारला होता. लिंकनपासून ओबामापर्यंत, आणि आपल्याकडच्याही थोरांबाबत, आपण हेच केले पाहिजे. त्यांच्या तसबिरीला हार घालण्याआधी विचारावे: यांना हा निर्णय घ्यायला भाग पाडणारे लोक कोण होते, आणि त्यांची नावे आपल्या पाठ्यपुस्तकात का नाहीत?