शब्दवेध : पेनसिल्वेनियाचे 'डच'

अमेरिकेतले 'पेनसिल्वेनिया डच' हे हॉलंडचे नव्हेत, ते जर्मन वसाहतकऱ्यांचे वंशज. फिलाडेल्फियाजवळचं जर्मनटाउन १६८३ मध्ये वसलं; पुढच्या शतकात ऱ्हाइनकाठच्या पॅलेटिनेटमधून हजारो शेतकरी आले. 'जर्मन' या अर्थाच्या जर्मन शब्दाचा, 'डॉइच'चा अपभ्रंश होऊन 'डच' झालं, असं सर्रास सांगितलं जातं. मला ते पटत नाही. त्या काळच्या इंग्रजीत 'डच' म्हटलं की हॉलंडचे आणि जर्मन दोघेही येत. दोन्ही शब्दांचं मूळ एकच : 'लोकांची', म्हणजे लॅटिन न जाणणाऱ्या सामान्यांची बोली. पुढे इंग्रजीत तो अर्थ हॉलंडपुरता आकसला, पेनसिल्वेनियात मात्र जुना टिकला.

यांच्यातल्या आमिश आणि जुन्या वळणाच्या मेनोनाइट या ख्रिस्ती पंथांच्या घरांत मुलं आजही आधी 'पेनसिल्वेनिया डच' ही जर्मन बोलीच शिकतात. तिला ते 'डाइच' म्हणतात. प्रार्थनेला ग्रंथांतली जर्मन, शाळेत नि बाजारात इंग्रजी. शेतकऱ्यांच्या घरांनी तीन भाषा पिढ्यान्‌पिढ्या जपल्या, याचं मला फार अप्रूप वाटतं.

मराठीत मात्र 'डच' शब्दाचा हा घोळ नव्हताच. सतराव्या शतकात वेंगुर्ल्याला वखार घालणाऱ्या हॉलंडच्या व्यापाऱ्यांना आपण 'वलंदेज' म्हणत होतो, तेही पोर्तुगिजांकडून उचललेल्या शब्दाने.